जाक ताती यांचे चित्रपट कोणत्या क्रमाने आणि कोणत्या आवृत्तीत पाहावेत?

सायंतारा

नमस्कार. कोल्हापुरात आम्ही काही शिक्षक आणि काही निवृत्त मंडळी एका वाचनालयाच्या सभागृहात दर महिन्याला एक चित्रपट दाखवतो आणि त्यानंतर त्यावर तासभर बोलतो. प्रेक्षकांमध्ये दहा-बारा वर्षांच्या मुलांपासून सत्तरी ओलांडलेल्या आजी-आजोबांपर्यंत सर्व वयांची माणसे असतात. फ्रेंच कोणालाही येत नाही आणि इंग्रजी सबटायटल्स भराभर वाचणे अनेकांना अवघड जाते, त्यामुळे परभाषेतील चित्रपट निवडताना आम्हाला नेहमीच हात आखडता घ्यावा लागतो. या वेळी फ्रेंच अभिनेते आणि दिग्दर्शक जाक ताती (१९०७–१९८२) यांचे चित्रपट सलग चार महिने दाखवावेत असे ठरत आहे, कारण त्यांत संवादांवाचून फारसे काही अडत नाही असे ऐकून आहोत.

त्यांचे पूर्ण लांबीचे चित्रपट सहाच आहेत: ‘जूर द फेत’ (१९४९), ‘ले व्हाकांस द मस्यू युलो’ (१९५३), ‘मों ओंक्ल’ (१९५८), ‘प्लेटाइम’ (१९६७), ‘त्राफिक’ (१९७१) आणि ‘पाराद’ (१९७४). यांतून चार निवडायचे आहेत. ‘प्लेटाइम’ हा त्यांचा सर्वश्रेष्ठ चित्रपट मानला जातो, म्हणून सुरुवात त्यानेच करावी असे आमच्यातील काहींचे मत आहे. मी मात्र तो लॅपटॉपवर पाहिला तेव्हा अर्ध्यावर माझे लक्ष उडाले होते. शिवाय एकाच चित्रपटाच्या दोन-तीन आवृत्त्या दिसतात, त्यांतील कोणती घ्यावी हेही कळत नाही. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

जुनी_रिळे

आपला प्रश्न वाचून आनंद झाला. माझा आग्रह असा आहे की चार चित्रपट काळाच्या क्रमानेच दाखवावेत, आणि तेही पहिले चार. ‘प्लेटाइम’ने सुरुवात करू नये. याचे कारण तातींच्या संपूर्ण कारकिर्दीच्या घडणीत आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो.

ताती मुळात रंगमंचावरचे कलावंत. वडिलांचा पॅरिसमध्ये चित्रांच्या चौकटी बनवण्याचा व्यवसाय होता आणि मुलाने तोच पुढे चालवावा अशी घरची अपेक्षा होती. मुलगा मात्र रग्बी खेळण्यात रमला आणि सामन्यानंतर सोबत्यांच्या नकला करता करता मूकाभिनयाकडे वळला. टेनिसपटू, गोलरक्षक, मुष्टियोद्धा आणि घोडेस्वार यांच्या हालचालींवर आधारलेला त्यांचा कार्यक्रम १९३०च्या दशकात पॅरिसच्या म्युझिक हॉलमध्ये गाजला. १९३६ साली लेखिका कोलेत यांनी त्यांच्यावर कौतुकाने लिहिले. एकच माणूस एकाच वेळी घोडा आणि स्वार दोन्ही कसा होऊ शकतो, याचे त्यांना विशेष अप्रूप वाटले होते. त्याच काळात काही लघुपटांत त्यांनी कामे केली, त्यांपैकी ‘स्वान्य तों गोश’ (१९३६) हा मुष्टियुद्धावरचा लघुपट रने क्लेमाँ यांनी दिग्दर्शित केला होता. युद्धानंतर क्लोद ओताँ-लारा यांच्या ‘सिल्वी ए ल फांतोम’मध्ये त्यांनी भुताची भूमिका केली.

म्हणजे पहिला मोठा चित्रपट हाती घेतला तेव्हा ताती हे स्वतःच्या देहाकडे सगळ्यांचे डोळे खेचून घेणारे कसलेले नट होते. ‘जूर द फेत’मध्ये तसेच घडते. गावात जत्रा भरली आहे, तंबूत अमेरिकन टपालखात्याची झपाट्याची कामगिरी दाखवणारा माहितीपट लागला आहे, आणि तो पाहून फ्रांस्वा नावाचा गावचा पोस्टमन सायकलवरून तशाच वेगाने पत्रे वाटायला निघतो. पडद्यावर सर्वत्र तोच आहे. चार वर्षांनी तातींनीच साकारलेले मस्यू युलो येतात: आखूड पँट, पुढे झुकलेली चाल, तोंडात पाइप. ते नायक आहेत खरे, परंतु हॉटेलातील इतर पाहुण्यांनाही त्यांच्याइतकीच जागा मिळते. ‘मों ओंक्ल’मध्ये युलो हे लहानग्या जेरारचे मामा आहेत आणि खरा विनोद जेरारच्या आईवडिलांच्या नव्या पद्धतीच्या घरात घडतो. ‘प्लेटाइम’मध्ये तर युलो गर्दीतले एक होऊन जातात, त्यांच्यासारखी टोपी आणि कोट घातलेली दुसरीच माणसे अधूनमधून समोर येतात आणि आपण फसतो.

दिग्दर्शक तातींनी अभिनेते तातींना एकेक पाऊल मागे नेले आणि मोकळी झालेली जागा इतर सर्वांना वाटून दिली, हे माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीचे मर्म आहे. यशस्वी विनोदी नटाने स्वेच्छेने असे करणे मला फार दुर्मीळ आणि फार उदार वाटते. ‘प्लेटाइम’मध्ये कोणाकडे पाहायचे हे प्रेक्षकाने स्वतः ठरवायचे असते, आणि ती सवय आधीचे तीन चित्रपट लावतात. पहिल्याच महिन्यात तो दाखवलात, तर आपल्यासारखेच अनेकांचे लक्ष उडेल आणि दुसऱ्या महिन्याला सभागृह निम्मे रिकामे असेल.

तिसरी_घंटा

जुनी_रिळे यांचे विवेचन मला पटते, तरी एका बाबतीत माझे मत वेगळे आहे. मी हौशी रंगभूमीवर काम करतो आणि मुलांची नाट्यशिबिरेही घेतो. दहा-बारा वर्षांची मुले समोर असतील तर पहिला चित्रपट ‘मों ओंक्ल’ असावा. तो रंगीत आहे, त्यात मुले आहेत, भटकी कुत्री आहेत, आणि मामा-भाच्याचे नाते समजायला आपल्याकडच्या मुलाला कोणतीही प्रस्तावना लागत नाही. रस्त्याच्या कडेला लपलेली पोरे अचूक क्षणी शिट्टी वाजवतात आणि मागे वळून पाहणारा माणूस समोरच्या खांबावर आदळतो. कोण आदळेल आणि कोण वाचेल यावर त्यांच्या पैजा लागलेल्या असतात. शिबिरात हा प्रसंग दाखवला तेव्हा मुलांनी तो पुन्हा लावायला सांगितले होते.

मोठ्यांसाठीही त्यात पुष्कळ आहे. आर्पेल दांपत्याच्या, म्हणजे जेरारच्या आईवडिलांच्या, बागेत माशाच्या आकाराचे कारंजे आहे. फाटकावरची घंटा वाजली की बाई आधी कारंज्याची कळ दाबतात आणि मग फाटक उघडतात. येणारा माणूस प्रतिष्ठित नसून आपला भाऊच आहे असे दिसले की पाणी लगेच बंद होते. सबंध चित्रपटात त्या माशाच्या तोंडातून येणारे आणि थांबणारे पाणी पाहत राहिले, तरी त्या घरातील माणसे एकमेकांना किती किंमत देतात ते कळते. त्याविषयी एक अक्षरही कोणी बोलत नाही.

याच चित्रपटाला १९५८ साली कान महोत्सवात परीक्षकांचा विशेष पुरस्कार आणि पुढच्या वर्षी परभाषेतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. पुरस्काराचे नाव पाहून येणारा एक वर्ग प्रत्येक गावात असतो, त्यामुळे पत्रकात ते जरूर छापावे.

मिस्टर बीन पाहिलेल्या मुलांना रोअन ॲटकिन्सन यांच्यावर युलोंचा प्रभाव आहे हेही सांगावे. ॲटकिन्सन यांनी स्वतः ते मान्य केलेले आहे. फरकही दाखवून द्यावा. बीन स्वतः घोटाळा करतो आणि त्याचा चेहरा आपण जवळून पाहतो. युलोंचा चेहरा मात्र कॅमेरा जवळून जवळपास कधीच दाखवत नाही. त्यांना ओळखायचे ते पाठीवरून, चालीवरून आणि दारात अडखळणाऱ्या पावलांवरून.

ध्वनिलहर

माझा व्यवसाय ध्वनिमुद्रणाचा आहे, म्हणून एवढेच सांगतो की पडद्याइतकीच काळजी स्पीकरची घ्यावी. तातींच्या चित्रपटांना मूकपटांच्या पंक्तीला बसवले जाते आणि त्यामुळे आवाज कमी ठेवला तरी चालेल असा समज होतो. ते या चित्रपटांचे मोठे नुकसान आहे. ताती चित्रीकरणाच्या वेळचा आवाज जवळपास वापरतच नसत. सर्व ध्वनी नंतर एकेक करून निवडून, हवे तेथे हवे तितके बसवत. माणसांचे बोलणे मुद्दाम अर्धवट ऐकू येईल असे ठेवलेले असते आणि बुटांच्या टाचा, दारे, खुर्च्या, नळ्या हे सारे स्पष्ट बोलते.

‘मस्यू युलो’च्या सुरुवातीला रेल्वे फलाटावर ध्वनिवर्धकातून सूचना येते. एकही शब्द लागत नाही, आणि प्रवाशांचा घोळका सामानासह एका फलाटावरून दुसऱ्यावर धावत राहतो. मराठी प्रेक्षकाला येथे सबटायटलची गरज पडणार नाही. पुढे हॉटेलच्या भोजनगृहाचे झुलते दार येते. ते प्रत्येक वेळी तोच एक बोजड, लवचिक आवाज करते. पहिल्यांदा तो नुसता ऐकू येतो, दुसऱ्यांदा लक्षात राहतो आणि चौथ्या-पाचव्यांदा दार हलण्याआधीच सभागृहात खसखस पिकते. पण स्पीकर खरखरत असतील किंवा पंख्यांचा आवाज त्याहून मोठा असेल, तर त्यातले काहीच पोचणार नाही.

‘प्लेटाइम’मध्ये युलो एका कार्यालयात जिफार नावाच्या अधिकाऱ्याला भेटायला जातात. लांबच लांब मार्गिकेच्या अगदी टोकाला जिफार एका ठिपक्याएवढा दिसतो आणि त्याच्या टाचांचा ठकठक आवाज जवळ येऊ लागतो. आवाज ऐकून युलो उठू पाहतात, म्हातारा द्वारपाल त्यांना हाताने थांबवतो, कारण साहेबांना पोचायला अजून खूप वेळ आहे. कॅमेरा जागचा हलत नाही. कार्यालयात ताटकळण्याचा अनुभव इतक्या थोडक्या साधनांनी उभा केलेला मी दुसरीकडे पाहिलेला नाही. हे दृश्य आधी तपासणीसाठी लावून शेवटच्या रांगेत बसून ऐकावे. तेथे टाचांचा आवाज दुरून जवळ येताना जाणवला, तर आपली व्यवस्था योग्य आहे.

सायंतारा

सर्वांचे मनापासून आभार. ध्वनिलहर यांच्या सूचनेनुसार स्पीकर बदलून घेण्याची खटपट सुरू केली आहे. दोन शंका उरतात. एक, ‘जूर द फेत’ काही ठिकाणी कृष्णधवल आहे आणि काही ठिकाणी रंगीत. त्यांपैकी अस्सल कोणता? दुसरी, आमचा पडदा साधारण बारा फूट रुंद आहे. ‘प्लेटाइम’ ७० मिलिमीटर फिल्मवर चित्रित झाला होता, तर तो अशा पडद्यावर दाखवावा की त्याऐवजी ‘त्राफिक’ घ्यावा?

जुनी_रिळे

‘जूर द फेत’च्या दोन्ही रूपांत तातींचेच काम आहे, आणि त्यामागे एक दुर्दैवी कथा आहे. १९४७ च्या उन्हाळ्यात साँत-सेव्हेर-स्युर-आंद्र या मध्य फ्रान्समधील गावात चित्रीकरण झाले. युद्धकाळात ताती त्याच परिसरात राहिले होते आणि गावकऱ्यांना ओळखत होते. चित्रपटात दिसणारी बरीचशी माणसे गावचीच आहेत. चित्रपट थॉमसनकलर या नव्या फ्रेंच रंगप्रक्रियेत करायचे ठरले होते, आणि धोका नको म्हणून शेजारी कृष्णधवल फिल्मचा दुसरा कॅमेराही ठेवला होता. ती खबरदारी उपयोगी पडली, कारण रंगीत फिल्मच्या प्रती काढणे कंपनीला जमलेच नाही आणि १९४९ साली चित्रपट कृष्णधवल रूपात प्रदर्शित झाला. १९६४ साली तातींनी त्याची नवी आवृत्ती केली. तीत एका चित्रकाराचे पात्र नव्याने आणले आणि काही वस्तू तेवढ्या रंगवल्या. तातींच्या निधनानंतर त्यांची कन्या, संकलक सोफी तातिशेफ, आणि छायालेखक फ्रांस्वा एद यांनी जपून ठेवलेल्या मूळ रंगीत फिल्मवरून १९९५ साली संपूर्ण रंगीत आवृत्ती तयार केली.

आपण १९९५ ची रंगीत आवृत्ती दाखवावी असे मी सुचवेन. करड्या-तपकिरी गावात जत्रेबरोबर रंग येतात आणि जत्रा उठली की ते निघून जातात, ही तातींची मूळ कल्पना तीतच दिसते. आपल्याकडची गावजत्रा संपल्यावर दुसऱ्या दिवशी मोकळ्या मैदानाला जी कळा येते, तीच येथे पाहायला मिळते.

‘मस्यू युलो’वर ताती अनेक वर्षे हात फिरवत राहिले, आणि १९७८ साली त्यांनी त्यात नव्याने चित्रित केलेला एक प्रसंगही घातला: मोडलेली होडी पाण्यात माशाच्या जबड्यासारखी दिसते आणि किनाऱ्यावर एकच पळापळ होते. पुनरुज्जीवित प्रत बहुधा याच शेवटच्या आवृत्तीची मिळते, आणि ती निश्चिंतपणे घ्यावी. ‘मों ओंक्ल’ फ्रेंचच घ्यावा. इंग्रजी बोलणाऱ्या देशांसाठी तातींनी त्याच वेळी चित्रित केलेली वेगळी आवृत्ती काही मिनिटांनी लहान आहे.

एक तांत्रिक गोष्ट: पहिल्या तीन चित्रपटांची चौकट जवळजवळ चौरस आहे. पडदा भरावा म्हणून प्रोजेक्टरवर चित्र आडवे ताणू नये. युलो सहा फुटांहून उंच आणि सडपातळ आहेत. ते रुंद दिसू लागले की त्यांची चाल बिघडते आणि चाल बिघडली की विनोदही जातो.

रेघोट्या

बारा फुटांचा पडदा असेल तर ‘प्लेटाइम’ अवश्य दाखवा. मी वास्तुरचनाकार आहे आणि या चित्रपटाकडे मी पुन्हा पुन्हा वळते, म्हणून त्याची बाजू मांडते.

‘मों ओंक्ल’च्या यशानंतर तातींना हवे ते करण्याची मुभा होती. त्यांनी पॅरिसच्या पूर्वेला, व्हँसेनजवळ मोकळ्या जमिनीवर पोलाद आणि काचेचे एक आख्खे नगर उभारले. लोक त्याला ‘तातीविल’ म्हणत. तेथे डांबरी रस्ते होते, वाहतुकीचे दिवे होते आणि स्वतःची वीजनिर्मितीही होती. काही इमारती रुळांवरून सरकवता येत, जेणेकरून प्रत्येक दृश्यासाठी रस्त्याची नवी रचना करता यावी. पार्श्वभूमीला काही ठिकाणी माणसांची नुसती कापलेली चित्रे उभी केलेली होती. १९६४ साली सुरू झालेले काम डिसेंबर १९६७ मध्ये चित्रपट प्रदर्शित होईपर्यंत या ना त्या रूपात चालू राहिले. खर्च हाताबाहेर गेला, चित्रपट चालला नाही, तातींची कंपनी बुडाली आणि आधीच्या चित्रपटांचे हक्कही त्यांच्या हातून गेले. ते नगर टिकवून चित्रपट शिकणाऱ्यांसाठी वापरावे अशी त्यांची इच्छा होती, पण ते जमीनदोस्त करण्यात आले.

तातींना आधुनिक वास्तुकलेचा तिटकारा होता असे नेहमी लिहिले जाते, आणि त्याच्याशी मी सहमत नाही. तिटकारा असता तर त्यांनी त्या इमारती इतक्या देखण्या बांधल्याच नसत्या. त्यांना आक्षेप आहे तो माणसाने इमारतीच्या रेषेत चालण्याला. चित्रपटाच्या पूर्वार्धात सगळे सरळ रेषेत चालतात आणि काटकोनात वळतात. उत्तरार्धात ‘रॉयल गार्डन’ हे उपाहारगृह उद्घाटनाच्या रात्रीच एकेक करून मोडू लागते: फरशीचा तुकडा वेटरच्या बुटाला चिकटतो, खुर्चीच्या पाठीवरचे मुकुटाचे चिन्ह गिऱ्हाइकांच्या पाठीवर उमटते, आणि शेवटी छताचा एक भाग खाली येतो. जसजशी इमारत मोडते तसतशी माणसे वळणे घेत चालू लागतात, नाचू लागतात, परक्यांशी बोलू लागतात.

त्यातील एक जागा आपल्या चर्चेसाठी राखून ठेवावी. प्रवेशद्वाराची भलीमोठी काच युलोंमुळे फुटते. द्वारपालाच्या हातात दाराची पितळी मूठ तेवढी उरते. तो क्षणभरच गोंधळतो आणि मग प्रत्येक पाहुण्यासाठी ती मूठ हवेत अदबीने पुढेमागे करत नसलेले दार उघडतो आणि लावतो. पाहुणेही दार असल्याप्रमाणे थांबतात, आत येतात, त्याला बक्षिशी देतात. दार नसले तरी त्याचा शिष्टाचार शिल्लक राहतो, आणि तो दोन्ही बाजूंनी पाळला जातो. वास्तुकलेच्या विद्यार्थ्यांना मी हे दृश्य आवर्जून दाखवते.

‘त्राफिक’ मला आवडतो, पण तो थकलेल्या माणसाचा चित्रपट आहे. युलोंना निरोप देण्याची तातींची इच्छा होती; पैसे उभे राहावेत म्हणून त्यांना परत आणावे लागले. पॅरिसहून ॲम्स्टरडॅमच्या मोटार प्रदर्शनाकडे एक नव्या प्रकारची प्रवासी गाडी घेऊन जाण्याची ती गोष्ट आहे, आणि तीत युलो त्या गाडीचे रचनाकार आहेत. वाहनांच्या साखळी अपघाताचे दृश्य अप्रतिम आहे. पण चारच निवडायचे तर त्यासाठी ‘प्लेटाइम’ सोडू नये.

लुआरकाठी

मी पश्चिम फ्रान्समध्ये नांत शहरात राहतो. ‘मस्यू युलो’ जेथे चित्रित झाला ते साँ-मार्क-स्युर-मेर हे किनाऱ्यावरचे गाव येथून फार दूर नाही. चित्रपटातले ‘ओतेल द ला प्लाज’ आजही समुद्राला लागून उभे आहे आणि वरच्या बाजूला कमरेवर हात ठेवून किनाऱ्याकडे पाहणारा युलोंचा पुतळा आहे. सांगण्याचा हेतू पर्यटनाचा नाही. तो किनारा प्रत्यक्षात किती लहान आहे हे पाहिल्यावर मला चित्रपटाची रचना नव्याने कळली: त्याच चिमुकल्या वाळूवर तीच माणसे दिवसभर एकमेकांसमोर येत राहतात, आणि तरीही सुटी संपताना युलोंचा निरोप घ्यायला मोजून दोघेच पुढे येतात. त्यांतला एक गृहस्थ संपूर्ण सुटीत आपल्या पत्नीच्या मागून मुकाट्याने चालत असतो. त्याच्याकडे सुरुवातीपासून लक्ष ठेवायला आपल्या प्रेक्षकांना सांगावे.

मुलांना आणखी एक प्रसंग दाखवावा. एक अगदी लहान मुलगा दोन्ही हातांत आइस्क्रीमचे कोन घेऊन पायऱ्या चढतो. दाराची मूठ त्याच्या डोक्याहून उंच आहे. कोन हातात असतानाच तो ती फिरवतो, कोन जवळजवळ उलटा होतो, आपला श्वास अडकतो आणि आइस्क्रीम काही पडत नाही. आत जाऊन तो एक कोन दुसऱ्या मुलाला देतो आणि त्याच्याशेजारी बसतो. युलो या दृश्यात नाहीतच. जुनी_रिळे यांनी म्हटलेली जागा वाटून देण्याची गोष्ट १९५३ सालीच सुरू झालेली होती, याचा हा पुरावा मानता येईल.

युलोंविषयी येथे लोकांना किती आपुलकी आहे याचे एक उदाहरण देतो. २००९ साली पॅरिसच्या सिनेमातेक या चित्रपट-संग्रहालयात तातींवर मोठे प्रदर्शन भरले होते. तंबाखूच्या जाहिरातीला बंदी असल्यामुळे मेट्रो स्थानकांवरच्या भित्तिचित्रांत युलोंच्या तोंडातला पाइप काढून तेथे कागदी भिरभिरे लावण्यात आले, आणि त्यावरून सबंध देशात वाद पेटला. पाइपशिवाय युलो अपुरे वाटणे स्वाभाविक आहे: हॉटेलात नाव नोंदवताना तोंडातल्या पाइपमुळे त्यांचे बोलणे कळत नाही, तेव्हा मालकच हात पुढे करून पाइप काढतो आणि मग नाव लिहून घेतो. त्या चित्रपटात ते ज्या मोजक्या वेळी बोलतात, त्यांतली ही एक.

जुनी_रिळे

चार महिन्यांनंतरही मंडळींची इच्छा कायम राहिली तर पुढे काय, हेही सुचवून ठेवतो. ‘मों ओंक्ल’च्या वेळी तातींचे साहाय्यक असलेले पिएर एते हे पुढे स्वतः अभिनेते-दिग्दर्शक झाले. त्यांचा ‘योयो’ (१९६५) हा सर्कशीवरील चित्रपट तातींना मानणाऱ्याने पाहायलाच हवा. हक्कांच्या वादामुळे एते यांचे चित्रपट दीर्घकाळ कोणालाच पाहता येत नव्हते. आता ते उपलब्ध आहेत.

तातींच्या दोन चित्रपटांवरून पुस्तके लिहिण्याचे काम झाँ-क्लोद कारियेर नावाच्या तरुण लेखकाला मिळाले होते. त्याला चित्रपट कसा घडतो हे ठाऊक नाही असे कळल्यावर तातींनी त्याला संकलक सुझान बारों यांच्याकडे शिकायला बसवले: टेबलावर एका बाजूला पटकथा, दुसऱ्या बाजूला फिल्म, आणि एकीची दुसरी कशी होते हे ओळीगणिक पाहायचे. याच कारियेर यांनी पुढे नाट्यदिग्दर्शक पीटर ब्रुक यांच्यासाठी महाभारताची नाट्यसंहिता लिहिली, जी १९८५ साली फ्रान्समधील आव्हिन्यों नाट्यमहोत्सवात सादर झाली. आपल्या मंडळींना ही ओळख जवळची वाटेल.

‘पाराद’ शेवटी, आणि फक्त आवड निर्माण झालेल्यांसाठी ठेवावा. स्वीडिश दूरचित्रवाणीसाठी केलेल्या त्या सर्कशीत पासष्टी ओलांडलेले ताती आपले जुने गोलरक्षक आणि टेनिसपटू पुन्हा साकारतात. ‘जूर द फेत’ पाहण्याआधी त्याचे मोल कळणार नाही.

सायंतारा

सर्वांच्या सल्ल्याने कार्यक्रम ठरला: ‘मस्यू युलो’, ‘मों ओंक्ल’, ‘जूर द फेत’ आणि ‘प्लेटाइम’, या क्रमाने. काळाचा क्रम थोडा मोडला आहे, परंतु शाळांच्या सुटीचा महिना ‘मों ओंक्ल’ला द्यायचा होता आणि ‘जूर द फेत’ आमच्याकडच्या जत्रांच्या दिवसांत यावा असे मंडळींना वाटले. ‘प्लेटाइम’ शेवटी आहे, यावर सर्वांचे एकमत झाले. आता एकच विचारायचे आहे. तो दोन तासांहून थोडा अधिक लांबीचा आहे आणि ज्येष्ठांसाठी मध्यांतर घ्यावेच लागेल. ते कोठे घ्यावे?

जाहीर खेळाच्या परवानगीविषयी पुण्यातील आलियांस फ्रांसेज या फ्रेंच भाषा-संस्कृती संस्थेकडे चौकशी करत आहोत.

रेघोट्या

‘रॉयल गार्डन’ सुरू होण्याआधी घ्यावे, मध्ये कोठेही घेऊ नये. उपाहारगृहाचा भाग सुमारे पाऊण तासाचा आहे आणि त्यातील मोडतोड एकावर एक रचत नेलेली आहे. ती तोडली तर पहाटेपर्यंत पोचल्याचा आनंद मिळत नाही. त्याआधी रात्रीचे एक लांब दृश्य येते. रस्त्याला लागून मोठमोठ्या काचांची घरे आहेत, शेजारी शेजारी दोन कुटुंबे आपापल्या भिंतीतला दूरचित्रवाणी संच पाहत आहेत, आणि बाहेरून पाहताना भिंत दिसेनाशी होऊन ती एकमेकांकडेच टक लावून बसली आहेत असा भास होतो. कॅमेरा पूर्ण वेळ रस्त्यावर थांबतो, आतला एकही शब्द ऐकू येत नाही, फक्त वाहनांचा आवाज येत राहतो. युलो त्या घरातून बाहेर पडून रस्त्यावर आले की दिवे लावावेत. पंधरा मिनिटांहून अधिक वेळ देऊ नये, आणि उत्तरार्ध सुरू करताना सर्वांना जागा बदलून बसायला सांगावे; जे मागे होते त्यांनी पुढे यावे, कारण ‘रॉयल गार्डन’मध्ये पडद्याच्या कोपऱ्यांतच अधिक घडते.